बालीचा उतार आणि ब्रेकवरची बोटं

वाचकाचं पत्र

‘मेच्या सुट्टीत आम्ही तिघं बालीला चाललो आहोत. मी ४४ वर्षांची, हे ४९ आणि मुलगी १३ वर्षांची. किंतामणीच्या डोंगरावरून उबुडच्या दिशेने गाईडबरोबर सायकलने उतरायची एक दिवसाची सहल एजंटने सुचवली आहे. त्यात दोन प्रकार आहेत: एक गावागावांतून जाणारा सोपा, दुसरा ट्रेलचा, म्हणजे कच्च्या वाटांचा. हे दर रविवारी यवतेश्वरचा घाट सायकलने चढतात, त्यामुळे त्यांना ट्रेलच हवा आहे. मी कॉलेज सुटल्यापासून सायकलला हात लावलेला नाही, आणि उजवा गुडघा अधूनमधून कुरकुरतो. “सगळा उतारच तर आहे, सायकल आपोआप जाते, तयारी कसली करायची?” असं ह्यांचं म्हणणं. खरंच तयारी लागत नाही का? मुलीला न्यावं का? आणि आम्ही शाकाहारी आहोत, त्याचं काय करायचं?’

— एक वाचक, सातारा

सल्ला

ताई, सहल जरूर करा आणि मुलीलाही न्या. पण तिघांनी मिळून गावरस्त्याचाच प्रकार घ्या. ट्रेलची हौस यजमानांना नंतर एखाद्या दिवशी वेगळा गाईड घेऊन भागवता येईल. आणि तयारी लागतेच. ती पायांची कमी आणि हातांची जास्त.

आधी रस्ता कसा आहे ते पाहू. किंतामणी भागातलं पेनेलोकान हे बातूर ज्वालामुखीच्या जुन्या कड्यावरचं ठिकाण, साधारण १,४०० ते १,५०० मीटर उंचीवर. उबुड २००–३०० मीटरवर. बहुतेक सहलींत कड्यावर, समोर १,७१७ मीटरचा बातूर आणि खाली तळं दिसेल अशा जागी नाश्ता देतात. सायकली मात्र त्याच्या खाली, मोठी रहदारी सुटल्यावर हातात मिळतात. तिथून सुमारे २५ किलोमीटर, थांबे घेत घेत दोन-अडीच तास. सरासरी काढली तर उतार चार टक्क्यांच्या आसपास, म्हणजे आपल्या बऱ्याच घाटांपेक्षा सौम्य. पण सरासरीवर जाऊ नका. बालीचा हा दक्षिण उतार नद्यांनी उभा चिरलेला आहे. रस्ता दोन नद्यांमधल्या धारेवरून चालतो तोवर छान संथ असतो. एका धारेवरून दुसरीवर जायची वेळ आली की एकदम खोल उतार, तळाशी अरुंद पूल आणि पलीकडे तितकाच खडा चढ. सहलीतली बरीच पडझड अशा उतरत्या वळणांवरच होते, कारण तिथे वेग आणि वळण एकदम येतात.

आता ‘आपोआप जाते’ याबद्दल. सायकल आपोआप जाते हे खरं, पण ती आपोआप थांबत नाही. ६५ किलोचा माणूस आणि १५ किलोची सायकल १,००० मीटर खाली येते, तेव्हा दोन लिटरपेक्षा जास्त पाणी उकळीला येईल एवढी ऊर्जा कुठेतरी जावी लागते. थोडी वाऱ्यात जाते, थोडी टायरमध्ये. जपून उतरणाऱ्या नवख्या माणसाची बरीचशी ब्रेकमध्ये जाते. ब्रेकचा दांडा दाबणारी असतात तुमची बोटं. तासाभराने पायांना काही झालेलं नसतं, पण मनगटापासून कोपरापर्यंतचे स्नायू भरून येतात, बोटं उघडताना दुखतात, आणि नेमक्या अशा वेळी समोर स्कूटर आली की दाब कमी पडतो.

नवखी माणसं घाबरून दोन्ही ब्रेक सतत थोडेथोडे धरून ठेवतात. त्याने हात लवकर थकतात आणि ब्रेकलाही थंड व्हायला उसंत मिळत नाही. डिस्क ब्रेकचे, म्हणजे चाकाच्या मध्याशी असलेल्या धातूच्या चकतीला चिमटणारे, पॅड तापून काचेसारखे गुळगुळीत होतात आणि पकड सोडतात. ऑइलच्या ब्रेकमधलं तेल जुनं असेल तर ते उकळून दांडा एकदम मुठीपर्यंत येऊ शकतो. बरोबर पद्धत अशी: वेग वाढू द्या, मग दोन्ही ब्रेक एकत्र, ठामपणे, दोन-तीन सेकंद दाबा, वेग हवा तेवढा खाली आणा आणि पूर्ण सोडा. पुन्हा दाबा, पुन्हा सोडा. वळण येण्याआधी, सायकल अजून सरळ असतानाच वेग कमी करायचा आणि वळणात बोटं फक्त दांड्यावर टेकवून ठेवायची. थांबवण्याचं जास्त काम पुढचा ब्रेक करतो, त्यामुळे ‘पुढचा ब्रेक लावूच नको’ हा लहानपणचा सल्ला विसरा. पण वाळूवर, ओल्या पानांवर किंवा सायकल कललेली असताना पुढचा ब्रेक जोरात दाबला तर पुढचं चाक सरकतं आणि सावरायला वेळ मिळत नाही. तिथे आधीच हळू झालेलं बरं.

वेगाचा हिशोब मुलीलाही समजावून सांगा. कोरड्या सपाट रस्त्यावर ताशी २० किलोमीटर वेगातून थांबायला सुमारे ४ मीटर लागत असतील, तर ४० च्या वेगातून १६ मीटर लागतात. उतारावर त्याहून जास्त. शिवाय धोका दिसल्यापासून बोटं दाबेपर्यंत गेलेलं अंतर वेगळंच. तुम्हा दोघींनी २०–२५ च्या वर जायचंच नाही असं ठरवून टाका.

सहा आठवडे हातात असतील तर पुरेत. पहिले दोन आठवडे आठवड्यातून तीनदा, अर्धा तास, सपाट रस्त्यावर नुसती सायकल चालवा. तोल परत येतो. तिसऱ्या आठवड्यात एखाद्या मोकळ्या मैदानात खडूने रेघ मारा आणि १५ च्या वेगाने येऊन पुढचं चाक बरोबर रेघेवर थांबवण्याचा सराव करा, आधी फक्त मागच्या ब्रेकने, मग दोन्हींनी. दोन्हींमधल्या अंतराचा फरक डोळ्यांनी पाहिला की पुढच्या ब्रेकची भीती जाते. त्यानंतर उभं राहून चालवायला शिका: दोन्ही पॅडल जमिनीला समांतर, गुडघे आणि कोपरं किंचित वाकलेली, बैठकीवरून इंचभर उठलेलं अंग, नजर चाकावर नाही तर दहा-पंधरा मीटर पुढे. ही उतारावरची अंगाची मूळ ठेवण. पॅडल समांतर का, तर एक पाय खाली सोडला की तो दगडाला किंवा रस्त्याच्या कडेला घासतो. शेवटचे दोन आठवडे यजमानांबरोबर सकाळी लवकर, कासकडे जाणाऱ्या गाड्या सुरू व्हायच्या आत, यवतेश्वर घाटाचा खालचा एखादा किलोमीटर उतरून पाहा. वर सायकल ढकलत नेली तरी चालेल. घरी टीव्ही बघताना मऊ चेंडू दाबत बसा आणि भिंतीला पाठ टेकून खुर्चीसारखं अर्धा-एक मिनिट बसण्याचा व्यायाम करा. गुडघा दुखेल इतकं खाली मात्र बसू नका.

गुडघ्याचं म्हणाल तर त्याला त्रास होतो तो उतारात नाही, मधल्या चढांत. उतारासाठी बैठक खाली घेतात आणि तशाच खाली बैठकीवर चढ चढवला की गुडघा जास्त वाकून दुखतो. चढ आला की बिनदिक्कत उतरून ढकलत चला, किंवा गाडी मागे असेल तर तिच्यात बसा. गाईडना याची सवय असते, त्यात संकोच करू नका. सूज येत असेल किंवा गुडघा मध्येच अडकत असेल तर निघण्याआधी हाडांच्या डॉक्टरांना दाखवून घ्या.

सकाळी सायकल हातात मिळाल्यावर दहा मिनिटं मागून घ्या. सगळे निघायच्या घाईत असतात, पण ही दहा मिनिटं सोडू नका.

पहिलं, कोणता दांडा कोणत्या चाकाचा ते बघा. आपल्याकडे बहुतेक सायकलींना उजव्या हाताला पुढचा ब्रेक असतो. भाड्याच्या सायकलीला उलटं असू शकतं. शेजारी उभं राहून सायकल पुढे ढकला आणि फक्त उजवा दांडा दाबा. पुढचं चाक अडलं की मागचं, ते लगेच कळतं. उलटं निघालं तर गाईडला सांगा, आणि सायकल बदलता आली नाही तर निघण्यापूर्वी सपाट जागेवर पाच-सात वेळा थांबून हाताला वळण लावा. यजमानांना हे जास्त लागू आहे. त्यांच्या हातांना वर्षानुवर्षांची सवय आहे, आणि आणीबाणीत हात सवयीनेच चालतो.

दुसरं, दोन्ही दांडे कचकन दाबून धरा. मुठीला टेकत असतील तर ती सायकल घेऊ नका. पॅड झिजलेत, केबल ढिली आहे किंवा तेलात हवा शिरली आहे. दांडा दाबून सायकल पुढे-मागे हलवा, चाकं जागची हलता कामा नयेत. डिस्क ब्रेक असेल तर कॅलिपरमध्ये, म्हणजे चकतीवर पॅड दाबणाऱ्या भागात, वरून डोकावून पाहा: धातूच्या पट्टीवरचा पॅडचा थर एक मिलिमीटरपेक्षा कमी उरला असेल तर तो संपला असं समजा. मुलीचा हात लहान आहे, म्हणून तिच्या दांड्याचं अंतर कमी करून घ्या. बहुतेक दांड्यांना त्यासाठी एक बारीक स्क्रू असतो, गाईडकडची ॲलन की दोन मिनिटांत काम करते. मूठ धरलेली असताना तर्जनीचं पहिलं पेर आरामात दांड्यावर यायला हवं.

मग पुढचा ब्रेक धरून हँडलच्या मुळाशी, हेडसेटवर बोटं ठेवा आणि सायकल पुढे-मागे ढकला. तिथे टकटक जाणवली तर हेडसेट ढिला आहे. चाकं घट्ट धरणारे क्विक रिलीजचे खटके नीट बंद आहेत ना? बंद करताना तळहातावर वळ उमटेल इतका जोर लागला पाहिजे. हँडलच्या दोन्ही टोकांना टोपणं हवीत. उघडी नळी पडताना पोटात किंवा मांडीत घुसते. ही फार लहानशी गोष्ट, म्हणून कोणी बघत नाही. टायरच्या बाजूंना भेगा नसाव्यात. हवेबद्दल: २.१ ते २.२ इंची ट्यूबवाल्या टायरला ६०–६५ किलोच्या माणसासाठी ३० ते ३५ पीएसआय ठीक. भाड्याच्या सायकलींत पंक्चर टाळायला ५० पर्यंत ठासतात, मग ती खडीवर उड्या मारते. खूप कमी असेल तर खड्ड्यात ट्यूब रिमखाली चिमटते. शेवटी बैठक: तुम्हा दोघींसाठी इतकी खाली की बसल्या बसल्या दोन्ही पायांचे चवडे जमिनीला टेकतील, यजमानांनी त्यांच्या नेहमीच्या उंचीपेक्षा चार-पाच सेंटीमीटर खाली घ्यावी.

मुलीसाठी आत्ताच एजंटला तिची उंची कळवा. १३ वर्षांच्या मुलीला मोठ्यांची मधल्या मापाची सायकल देऊन वेळ मारून नेण्याचा प्रकार फार होतो. आडव्या नळीवर दोन्ही पाय जमिनीला पूर्ण टेकवून उभं राहिल्यावर निदान पाच सेंटीमीटर जागा उरली पाहिजे. तेवढी नसेल तर तिला गाडीत बसवा, सायकल देऊ नका. हेल्मेट मात्र तिघांनीही घरचीच न्या. भाड्याच्या हेल्मेटचा फोम आधी कधी आपटलाय ते बाहेरून कळत नाही. आतल्या लेबलवर ईएन १०७८ हे हेल्मेटचं युरोपीय मानक छापलेलं बघून घ्या. भुवईच्या वर दोन बोटं, कानाखाली पट्ट्यांचा व्ही, हनुवटीखाली एक बोट जाईल इतकाच सैल पट्टा. मुलीला आणखी एक सांगा: थांबल्यावर डिस्कला हात लावायचा नाही. उतारानंतर ती इतकी तापलेली असते की बोट भाजतं.

आता यजमानांच्या ट्रेलबद्दल. त्यांचा दमसास उत्तम असणार यात शंका नाही. पण ट्रेलवर दमसास फार कमी कामाला येतो. बातूरच्या पायथ्याच्या लाव्हाच्या पट्ट्यात काळी ज्वालामुखी वाळू आणि सुटी खडी आहे. वाळूत पुढचं चाक रुततं. तिथे हँडल घट्ट आवळून दिशा बदलायला गेलं की माणूस हँडलवरून पुढे जातो. वजन थोडं मागे, हँडल हलकं, पॅडल चालू, असं जावं लागतं, आणि ते डांबरी घाटात शिकता येत नाही. बागांमधून जाणाऱ्या वाटांवर ओली मुळं आणि शेवाळलेल्या पायऱ्या असतात. त्यांनी आधी तुमच्याबरोबर गावरस्ता करावा, मग गाईडला सरळ विचारावं की ट्रेलवर नेशील का. चांगला गाईड दोन तास चालवणं पाहिलं की खरं उत्तर देतो. आणि एक अट त्यांना आधीच घाला: पुढच्या गाईडला ओलांडायचं नाही. घाट सराईतपणे उतरणाऱ्यांना हा नियम जड जातो, पण पुढच्या वळणावर काय आहे ते गाईडलाच माहीत असतं.

काय असतं वळणावर? डावीकडूनच चालायचं आहे, त्यामुळे रहदारीची दिशा आपल्यासारखीच. गल्ल्यांतल्या सिमेंटवर सावलीच्या जागी हिरवं शेवाळ असतं, कडेचं गटार बऱ्याचदा उघडं. भात किंवा लवंगा रस्त्याकडेला वाळत घातलेल्या असतात. त्यावरून चाक घसरतं आणि कुणाची तरी मेहनत तुडवली जाते. घरादारांपुढे, चौकात, रस्त्यावरही झावळीच्या इवल्या द्रोणात फुलं आणि उदबत्ती ठेवलेली दिसेल. ते ‘चनांग सारी’, रोजचा नैवेद्य. त्याला वळसा घालून जा. मिरवणूक आली तर उतरून बाजूला उभं राहायचं, मधून वाट काढायची नाही. भातखाचरांच्या कडेने पाटाचं पाणी सोबत करतं. ते वाटून घेण्याच्या ‘सुबाक’ पद्धतीला २०१२ साली युनेस्कोने जागतिक वारशात घेतलं. तिथे अवश्य थांबा, बांधावर सायकल मात्र घालू नका.

कुत्री. बालीत २००८ पासून कुत्र्यांमध्ये रेबीज आहे, म्हणून हे हलक्यात घेऊ नका. कुत्रं मागे लागलं तर वेग वाढवू नका. थांबा, उतरा, सायकल मध्ये धरा. बहुतेक कुत्री धावणं थांबलं की थांबतात. चावलं किंवा नखाने ओरखडा निघाला तरी जखम साबण आणि वाहत्या पाण्याने १५ मिनिटं धुवायची, आणि त्याच दिवशी दवाखाना गाठून लस आणि गरज असेल तर इम्युनोग्लोब्युलिन (तयार प्रतिपिंडांचं इंजेक्शन) घ्यायचं. संध्याकाळपर्यंत वाट पाहायची नाही. आधीच लस घेऊन जावं का, ते साताऱ्यातल्या डॉक्टरांना विचारा, विशेषतः मुलीसाठी.

कपड्यांचं थोडक्यात. वर सकाळी १५–१८ अंश आणि वारा, खाली तिशीच्या घरात. पातळ विंडचीटर आणि आत सुती किंवा खेळाचा टी-शर्ट. घोळदार सलवार आणि ओढणी नको, ती साखळीत जाते. आत पॅड असलेली सायकल शॉर्ट, वर साधी ट्रॅक पँट. सपाट तळव्याचे बूट, नाड्या आत खोचलेल्या. पूर्ण बोटांचे हातमोजे घ्याच, पडताना पहिला टेकतो तो तळहात. मे महिना तिथे कोरड्या हंगामातला, त्यामुळे दिवस चांगला निवडला आहे. (दिवाळीच्या सुट्टीत जाणाऱ्यांनी दुपारचा पाऊस धरून चालावं.)

एजंटला विचारायच्या गोष्टी: पुढे एक आणि मागे एक असे दोन गाईड आहेत का, गटात किती जण, गाडी मागे येते की ठरलेल्या जागी भेटते, प्रथमोपचाराची पेटी कुणाकडे असते. ‘एकच गाईड, गाडी थेट जेवणाच्या ठिकाणी’ असं उत्तर आलं तर दुसरी सहल बघा. प्रवास विम्याची अटी-शर्तींची पानं उघडून माउंटन बायकिंग वगळलेलं नाही ना, तेही तपासा. काही पॉलिसींत साहसी खेळांसाठी जादा हप्ता भरून वेगळं संरक्षण घ्यावं लागतं. ते निघण्याआधीच घ्यावं लागतं. बऱ्याच सहलींत कॉफीच्या बागेचा थांबा असतो आणि तिथे उदमांजराच्या विष्ठेतून काढलेल्या बियांची कॉफी विकतात. ती जनावरं बऱ्याच ठिकाणी छोट्या पिंजऱ्यांत कोंडलेली असतात. तुम्हाला ते नको असेल तर बुकिंग करतानाच ‘हा थांबा वगळा’ असं लिहा. तेवढा वेळ खाचरांपाशी मिळतो.

जेवण. बाली हिंदू असली तरी शाकाहारी नाही, त्यामुळे ‘हिंदू जेवण’ एवढं सांगून भागत नाही. तेंपे (आंबवलेल्या सोयाबीनच्या वड्या), टोफू, भात, भाज्या भरपूर मिळतात. फसवणूक होते ती तीन ठिकाणी: सांबल नावाच्या मिरचीच्या चटणीत बहुधा तेरासी, म्हणजे कोळंबीचा खारवलेला गोळा असतो, गाडो-गाडो या भाज्यांच्या पदार्थावरच्या शेंगदाण्याच्या रश्शातही तो कधी कधी घालतात, आणि ताटातले कुरकुरीत पांढरे पापड बऱ्याचदा कोळंबीचे असतात. गाईडला सकाळीच, गाडीत बसतानाच सांगा: ‘साया वेजेतारियान, तान्पा तेरासी, तान्पा उदांग’, म्हणजे शाकाहारी, तेरासी नको, कोळंबी नको. अंडं चालत नसेल तर ‘तान्पा तेलूर’. दुपारी जेवायच्या ठिकाणी पोचल्यावर सांगितलं तर सांबल वाटून तयार असतो, सकाळी सांगितलं तर वेगळा वाटून देतात. तरी पिशवीत थोडे दाण्याचे लाडू असू द्या, कारण नाश्ता आणि जेवण यांच्यात चार-पाच तास सहज जातात आणि सायकलवर भूक अचानक लागते.